आधी वरचं बूच

पोरी, गिअरबॉक्सचं तेल घरी बदलायचं म्हणतेस, तर पहिली गोष्ट हीच ध्यानात ठेव: खालचं बूच सोडायच्या आधी वरचं सोडून बघ. खालच्यातून तेल काढतात, वरच्यातून भरतात. माणूस उत्साहाच्या भरात खालचं सोडतो, काळं तेल घमेल्यात पडताना बघून खूश होतो, आणि मग वरच्या बुचाला पाना लावतो तर ते जागचं हलत नाही. आता गाडी तेलाविना उभी. चालवता येत नाही, भरताही येत नाही. ओढून न्यायची तर पुढची चाकं उचलूनच न्यावी लागते, कारण तुझ्या वॅगनआरची पुढची चाकंच गाडी ओढतात, ती फिरली की आतले दात कोरडे फिरणार. म्हणून वरचं बूच सुटलं तरच पुढं जायचं. नाही सुटलं तर जंग सोडवायचा स्प्रे मार, रात्रभर मुरू दे, सकाळी परत बघ. तोवर जुनं तेल आत आहे, गाडी चालती आहे, कुणाचं काही अडलेलं नाही.

पाना मात्र मापाचाच लाव. कुठल्या बुचाला षटकोनी डोकं असतं, कुठल्याला आत चौकोनी खाच, कुठल्याला ॲलन की लागते. ॲडजस्टेबल पाना लावून झटका दिलास की कोपरे गोल होतात, आणि मग ते बूच छिन्नीनंच निघतं. आणि सोडायच्या आधी आजूबाजूचा चिखल ब्रशनं, चिंधीनं नीट काढ. आपल्याकडं उसाच्या पांदीतला फुफाटा गाडीच्या पोटाला थरानं बसलेला असतो. बूच सुटताना तो थेट आत पडतो, आणि मग नवं तेल घालून तू माती कालवतेस.

पैसे वाचतात म्हणून हे घरी कर, असं मी म्हणणार नाही. मजुरी काही फार नसते. घरी करायचं ते एवढ्यासाठी, की गॅरेजात तुझं जुनं तेल तुझ्या डोळ्यांसमोर येतच नाही. ते पाटीतून ड्रममध्ये जातं, तुझ्या हातात बिल येतं. गाडी तू जुनी घेतलीस. आधीच्या मालकानं ती कशी वापरली, हे त्यानं सांगितलं ते सोड. त्या तेलात बरंच काही लिहिलेलं असतं, आणि ते वाचायची संधी तेल बदलतानाच मिळते.

पण आधी नवं तेल कोणतं आणायचं ते ऐक, कारण आपल्या गावात निम्मी चूक तिथंच होते.

कन्हेरीत काय, काटेवाडीत काय, दर दुसऱ्या घरी ट्रॅक्टर. गोठ्याच्या कोपऱ्यात तेलाची बकेट असतेच. कुणीतरी म्हणणार, ‘नव्वद नंबरचंच तर लागतं, आहे की घरात, कशाला विकत आणता?’ तिथं ठाम राहा. ट्रॅक्टरचं ट्रान्समिशन तेल गिअरला, हायड्रॉलिकला आणि तेलात बुडालेल्या ब्रेकला असं तिघांना मिळून चालावं म्हणून बनवलेलं असतं. तुझ्या गाडीच्या गिअरबॉक्सची गरज निराळी. नुसतं जाड नव्वद घातलंस तर उन्हाळ्यात काही कळणार नाही. मार्गशीर्षातल्या थंडीत सकाळी गाडी काढशील आणि पहिल्यावरून दुसरा गिअर पडता पडणार नाही. तेल गोठल्यागत जाड झालेलं असतं, आतली चाकं लवकर एका वेगावर येत नाहीत. दोन-तीन किलोमीटर गेल्यावर आपोआप सुरळीत होतं, म्हणून माणूस दुर्लक्ष करतो.

बाटलीवर दोन गोष्टी लिहिलेल्या असतात, दोन्ही बघायच्या. एक आकडा, म्हणजे ७५डब्ल्यू-८० किंवा ७५डब्ल्यू-९०. पहिला आकडा थंडीत तेल किती पातळ राहतं ते सांगतो, दुसरा गरम झाल्यावर किती जाड राहतं ते. हा आकडा इंजिन ऑइलच्या आकड्याशी ताडून बघू नकोस, दोन्हीची मापं वेगळी आहेत. गिअरचं नव्वद गरम असताना इंजिनच्या चाळीस-पन्नासाच्या आसपासच जाड असतं. ‘नव्वद म्हणजे वीस-पन्नासच्या दुप्पट जाड’ असं पारावर सांगणारे पुष्कळ भेटतील.

दुसरी गोष्ट जीएल. जीएल-४ आणि जीएल-५. दुकानदार म्हणेल, पाच म्हणजे चारच्या वरचं, भारी, घेऊन जा. घेऊ नकोस. पाचमध्ये गंधक आणि फॉस्फरसची औषधं जास्त असतात. बोलेरोसारख्या गाडीच्या मागच्या डिफरन्शिअलमध्ये दात एकमेकांवर घसरत फिरतात, प्रचंड दाबाखाली. तिथं हीच औषधं पोलादावर पातळ थर धरतात आणि दात वाचवतात. तिथं जीएल-५च हवं. पण तुझ्या गाडीत इंजिन आडवं बसवलेलं, गिअर आणि डिफरन्शिअल एकाच पेटीत, एकाच तेलात. तिथले दात तसे घसरत नाहीत. उलट तिथं सिंक्रोच्या पितळी रिंगा असतात. गिअर टाकताना ती रिंग समोरच्या सुळक्याला घासून त्याचा वेग जुळवते, मग दात अडकतात. तेल फार निसरडं झालं की रिंगेला धरच मिळत नाही, गिअर करकरतो. आणि तो जास्तीचा गंधक गरम तेलात वर्षानुवर्षं पितळ खात राहतो. काही नवी तेलं चार आणि पाच दोन्हीला चालतात म्हणून बाटलीवर छापलेली असतात, त्यातली काही खरोखर चांगली असतात. पण गाडीच्या पुस्तकात जे लिहिलंय तेच आण. पुस्तक हरवलं असेल तर कंपनीच्या सर्व्हिस सेंटरवर गाडीचं मॉडेल आणि साल सांगून विचार. होंडाच्या गाड्यांना त्यांचं स्वतःचं वेगळं पातळ तेल लागतं, आणि जगात अशाही गाड्या झाल्या की ज्यांचा गिअरबॉक्स इंजिनाच्या तेलावरच चालायचा. १९५९ साली इंग्लंडात आलेल्या मिनी गाडीत तर इंजिन आणि गिअर एकाच तेलात भिजत होते. म्हणून सगळ्यांना एकच तेल हा हिशोब चालत नाही.

हा सिंक्रो नसतानाचे दिवस मी बघितलेत. तेव्हाच्या ट्रकवर डबल क्लच मारावा लागायचा: क्लच दाब, न्यूट्रल कर, सोड, ॲक्सिलेटरला अंदाजानं टेकवायचं, पुन्हा क्लच, मग गिअर. कारखान्याच्या काट्यावर उसाच्या गाड्यांच्या रांगेत दिवसभर ते करून पाय भरून यायचा. जुन्या फियाटला पहिल्या गिअरला सिंक्रो नव्हता, गाडी पूर्ण थांबल्याशिवाय पहिला टाकायचा नाही. अमेरिकेत कॅडिलॅकनं १९२८ साली सिंक्रो बसवला. आपल्या रस्त्यावर तो सर्रास व्हायला फार वर्षं गेली. तुम्हाला तो फुकट मिळालाय, म्हणून त्याची किंमत नाही. हे जुन्या खोडाचं बोलणं म्हणून सोडून दे.

तेल किती लागतं? छोट्या गाड्यांना साधारण दोन लिटरच्या आतबाहेर. नेमका आकडा पुस्तकात असतो. बारामतीतून सीलबंद एक-एक लिटरच्या बाटल्या आण, सुटं तेल घेऊ नकोस. बुचाचे नवे वॉशर त्याच दुकानात माग. तांब्याचा किंवा ॲल्युमिनियमचा वॉशर एकदा दाबला गेला की परत नीट बसत नाही, आणि चार पैशांच्या वॉशरपायी फरशीवर डाग पडत राहतात. काही बुचांना वॉशर नसतोच, आट्यांना सीलंट लावतात. सोडतानाच बघून ठेव, कुठलं आहे.

आता गाडी उचलणं. इथं मी चेष्टा करत नाही. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली डोकं घालायचं नाही, एक मिनिटसुद्धा नाही, ‘फक्त बघते’ म्हणूनसुद्धा नाही. विटा लावायच्या नाहीत. वीट वजनाखाली सांगून फुटत नाही. लोखंडी स्टँड घे, शेजारच्या गॅरेजवाल्याकडून एक दिवस मागून आण. जागा पक्की हवी, कोबा किंवा फरशी. अंगणातल्या मुरमात स्टँडचे पाय रुततात. आणि एक गोष्ट बरेच जण विसरतात: गाडी गिअरमध्ये ठेवली म्हणजे अडकली असं समजू नकोस. तुझ्या गाडीचा गिअर पुढच्या चाकांना धरतो, आणि तीच तर तू हवेत उचलणार. मागची चाकं हँडब्रेक धरतो, तेव्हा तो घट्ट ओढ आणि मागच्या चाकांना दोन्हीकडून दगड लाव.

पुढून उचलली की गाडी तिरकी होते. काढायला तिरकी चालेल, भरायची पातळी मात्र सपाटीवरच बघायची. त्याचं पुढं सांगतो.

तेल काढायच्या आधी गाडी फिरवून आण. मारुतीच्या देवळापर्यंत जाऊन येणं पुरणार नाही. तुझं तेल तेवढ्यानं तापणार नाही. काटेवाडी ओलांडून भवानीनगरच्या कारखान्यापर्यंत जा आणि परत ये. सगळे गिअर वापर. उभ्या गाडीचं इंजिन चालू ठेवून गिअरबॉक्स तापत नाही, त्याचं तेल इंजिनाच्या मानानं सावकाश गरम होतं. कोमट तेल पातळ होतं, आतला गाळ हलून तेलात मिसळतो, आणि तेलाबरोबर बाहेर येतो. रात्रभर उभ्या गाडीचं काढलंस तर गाळ तळाला तसाच राहतो आणि नव्या तेलात जातो. फार तापलेलंही नको. हात लावून बघ, सोसेल इतपत झालं की काढ. हातमोजे घाल, त्या तेलाचा वास दोन दिवस जात नाही.

वरचं बूच सैल करून झालं, आता खालचं. घमेलं स्वच्छ धुवून पुसलेलं घे, नाहीतर त्यातली खडी बघून तुझा गैरसमज होईल. शेवटचे आटे हातानं सोडताना बूच आत दाबून धर, आणि पूर्ण सुटलं की झटकन बाजूला घे. तेल आधी लांब धारेनं येतं, मग धार जवळ येते, घमेलं त्या हिशोबानं सरकव. पंधरा-वीस मिनिटं थेंब थेंब पडू दे. घाई कसली आहे?

तेवढ्या वेळात बूच बघ. बऱ्याच गाड्यांच्या बुचाला टोकाशी लोहचुंबक असतं. त्यावर राखाडी, बोटाला लागणारा बारीक लेप असला तर घाबरू नकोस, हजारो किलोमीटर दात एकमेकांवर फिरलेत, तेवढं घासणारच. बोटांच्या चिमटीत चोळून बघ. लेप मऊ असला की बरं. कण टोचले, नखाएवढे तुकडे निघाले, सुईसारख्या काड्या निघाल्या तर दात किंवा बेअरिंग गेलंय. मग नवं तेल घालून उपयोग नाही, आधी मिस्त्रीला दाखव.

चुंबकावर पितळ चिकटत नाही, हे ध्यानात ठेव. पितळेचा हिशोब तेलात बघायचा. पांढऱ्या प्लास्टिकच्या डब्यात थोडं तेल घे, उन्हात तिरकं धरून हलव. सोनेरी चमक फिरताना दिसली तर ती सिंक्रोच्या रिंगेची. थोडी चमक जुन्या गाडीत असतेच. दाट सोनेरी कीस दिसला तर आधीच्या मालकानं एक तर क्लच अर्धवट दाबून गिअर ओढलेत, नाहीतर कुणीतरी त्यात चुकीचं तेल घातलंय. कुठला गिअर करकरतो ते तुला माहीतच असेल, दोन्ही जुळवून बघ.

रंग काळपट तपकिरी असणं साहजिक. उग्र, गंधकाचा वासही साहजिक. तो नव्या तेलालाही येतो, म्हणून ‘जळालंय’ असं लगेच म्हणू नकोस.

आणि तेल दूध जास्त झालेल्या चहाच्या रंगाचं निघालं, तर आत पाणी गेलंय. आपल्या भागात ही गोष्ट नेहमी तपासायची. २०२५च्या मे महिन्यात पावसानं झोडपलं आणि पिंपळी-लिमटेकच्या बाजूला नीरा डावा कालवा फुटला, तेव्हा किती गाड्या पाण्यातून काढल्या लोकांनी. इंजिनात पाणी गेलं का ते सगळे बघतात, गिअरबॉक्सचं कुणाच्या ध्यानात येत नाही. गिअरबॉक्सला वरच्या अंगाला श्वास घ्यायची बारीक नळी असते. गाडी धावून तापलेली, आतली हवा फुगलेली. ती तशीच गार पाण्यात घातलीस की हवा आकसते आणि त्या नळीतून किंवा सीलच्या कडेनं पाणी आत ओढलं जातं. इंजिन बंद पडत नाही, गाडी चालत राहते, आणि आतली बेअरिंगं गंजत राहतात. ओढ्याला पाणी आलेलं असताना गाडी घातलीच असेल, तर किलोमीटर मोजत बसू नकोस, पुढच्या आठवड्यात तेल काढून बघ. दुधाळ निघालं तर नवं घाल, शंभरएक किलोमीटर चालव आणि पुन्हा काढ. दोनदा तेल घालायचा खर्च जिवावर येतो, पण कोपऱ्यात अडकलेलं पाणी एकदा काढल्यानं जात नाही. नळीचं तोंड मातीनं बुजलं नाही ना, तेही बघ. गांधीलमाश्या तिथं घरं करतात.

जुनं तेल मोजून घे. पुस्तकात दोन लिटर आणि घमेल्यात सव्वा लिटर निघालं, तर बाकीचं कुठंतरी गेलंय. खालचा भाग ओला आहे का बघ.

खालचं बूच नव्या वॉशरसह लाव. आधी बोटांनी तीन-चार आटे फिरव, सरळ बसतंय याची खात्री झाली की मग पाना. गिअरबॉक्सची पेटी ॲल्युमिनियमची, बूच पोलादाचं. पोलाद कधी हरत नाही. जोर लावून आवळणारा माणूस आपण मजबूत काम केलं समजतो आणि आटे खरवडून बसतो. टॉर्क पाना मिळाला तर पुस्तकातला आकडा लावून आवळ. नसेल तर छोट्या दांड्याचा पाना घे, वॉशर दबल्याचं हाताला कळतं, तिथं थांब. पान्याला पाइप लावून लांबी वाढवायची नाही.

भरायला नरसाळं आणि दोनेक मीटर नळी पुरते. बॉनेट उघडून वरून नळी सोड, टोक बुचाच्या भोकात घाल, आणि कुणाला तरी वरून सावकाश ओतायला लाव. ठिबकची नवी नळी चालते. शेतातून काढलेली नको, तिच्यात खताचे खडे असतात. पारदर्शक नळी असली तर आणखी बरं, तेल उतरतंय का अडलंय ते दिसतं. जाड तेल आहे, घाई केलीस की नरसाळ्यातून उतू जातं आणि गरम पाइपावर पडून धूर होतो. मग तुझी आई मला बोलणार.

पुस्तकातल्या मापापेक्षा थोडं कमी भर, वरचं बूच हातानं लाव, गाडी खाली उतरव. सपाट फरशीवर घे. फरशी सपाट आहे का याचा अंदाज डोळ्यानं घेऊ नकोस, गवंड्याची पाणी भरलेली नळी चारी चाकांपाशी लावून बघ. मग पुढचं चाक पूर्ण वळव, बाजूनं हात घालून वरचं बूच सोड. हात पोहोचत नसेल तर चारी चाकांखाली एकाच जाडीच्या लाकडी फळ्या घालून गाडी वर घे, सगळीकडून सारखी. आता थोडं थोडं तेल घाल, भोकाच्या खालच्या कडेपाशी येऊन बारीक धार बाहेर यायला लागली की थांब. धार थांबून थेंब पडायला लागले की बूच बंद. ‘जरा जास्त घालू, बरं असतं’ हे गिअरबॉक्सला लागू नाही. जास्त तेल दातांनी घुसळून फेसाळतं, तापतं, आणि सीलमधून वाट काढतं. क्लचच्या बाजूचं सील फुटलं तर तेल क्लच प्लेटवर जातं.

गाडी चालवून बघ. सगळे गिअर, चढ-उतार, रिव्हर्ससुद्धा. फरक जाणवेल, पण तेलाकडून नको त्या अपेक्षा करू नकोस. रिव्हर्स टाकताना करकरतो? बऱ्याच गाड्यांत रिव्हर्सला सिंक्रो नसतो. गाडी पूर्ण थांबव, क्लच दाबून दोन-तीन सेकंद थांब, मग टाक. इंजिन चालू असताना गिअर अडतो आणि बंद असताना मऊसूत पडतो? मग क्लच पूर्ण सुटत नाही, तिकडं बघ. दांडा खुळखुळतो, गिअर कुठं आहे ते सापडत नाही? ते दांड्याचे बुश, नाहीतर केबल. चौथ्या-पाचव्यात घुं-घुं आवाज आणि तो वेगाबरोबर वाढतो? बेअरिंग. तेलानं चार दिवस दबेल, बरं होणार नाही.

जुनं तेल परत त्याच बाटल्यांत भर आणि वर मार्करनं लिही. कालव्यात नको, विहिरीजवळ नको, वाळवीला म्हणून मेढीला फासायला नको. लोक करतात, मीही बघत आलोय, पण ते तेल मातीतून शेवटी पाण्यात उतरतं. २०१६च्या नियमांत वापरलेलं तेल घातक कचऱ्यात मोडतं, आणि १ एप्रिल २०२४ पासून तेल बनवणाऱ्या कंपन्यांवर ते गोळा करून पुन्हा शुद्ध करवून घेण्याची जबाबदारी टाकलीय. ज्या गॅरेजचा ड्रम नोंदणी असलेल्या तेलवाल्याकडं जातो, तिथं नेऊन दे. ब्रेक ऑइल, कूलंट त्यात मिसळू नकोस, मग ते कुणी घेत नाही.

तारीख आणि किलोमीटर गाडीच्या पुस्तकात लिहून ठेव. आणि आठवडाभर रात्री गाडीखाली पुठ्ठा टाक. डाग बुचांच्या खाली पडला तर वॉशर बसला नाही, पाना घेऊन अगदी थोडं आवळ, तरी थांबलं नाही तर बूच काढून वॉशर बदल. डाग चाकाकडच्या बाजूला पडला तर ते ड्राइव्ह शाफ्टचं सील आहे. शाफ्ट ओढून काढावा लागतो, ते घरी करू नकोस, मिस्त्रीकडं जा आणि पुठ्ठा बरोबर ने.